शर्यतीचे पगारी गडी

अमरावती-अकोला सायकल शर्यतीबद्दल कोणी कौतुकानं बोलायला लागलं की मी विषय बदलतो. माणसं म्हणतात, काय दिवस होते ते, बडनेऱ्यापासून बोरगावपर्यंत रस्त्याच्या कडेला आयाबाया आरत्या घेऊन उभ्या राहायच्या. आरत्या घेऊन कोणी उभं नसायचं. माणसं असायची, एवढं खरं. मी त्या शर्यतीत पहिल्या वर्षापासून होतो आणि ती नासली तेव्हाही होतो. म्हणून मला जे माहीत आहे ते सांगून टाकतो.

सुरुवातीला ती गंमत होती. आम्ही वऱ्हाडातले लोक नागपूरच्या राज्यातून उठून नुकतेच मुंबईच्या राज्यात गेलो होतो. अमरावतीच्या एका तालमीतले वस्ताद आणि त्यांच्याकडे येणारे दोन-चार वकील यांनी मिळून ठरवलं की कुस्त्या दरवर्षीच होतात, यंदा सायकली पळवू. कापूस निघायच्या दिवसांत, थंडी असताना, सकाळी अमरावतीहून निघायचं आणि अकोल्याला मोर्णेच्या काठी पोचायचं. पहिल्या वर्षी आले ते सगळे घरच्या काळ्या सायकली घेऊन आले. कोणी कॅरिअर काढलेलं, कोणी मडगार्ड काढलेलं. एक दूधवाला तर घंटी वाजवत वाजवत आख्खी शर्यत पळाला. धोतर वर खोचलेले होते, पायजम्याला सुतळी बांधलेले होते. मूर्तिजापूरला लोकांनी आम्हाला थांबवून गूळ-शेंगदाणे खायला लावले, आणि आम्ही थांबलो. पहिला आला तो एक पोस्टमन. त्याला पेला मिळाला. मी तिसरा आलो. संध्याकाळी सगळ्यांनी मिळून झुणका-भाकर खाल्ली आणि सायकली रेल्वेत टाकून परत आलो.

मी तेव्हा अमरावतीच्या दिवाणी कोर्टात बेलीफ होतो. समन्स घेऊन खेडोपाडी जायचं, माणूस सापडला तर हातात द्यायचं, नाही सापडला तर दाराला चिकटवून पंचांच्या सह्या घ्यायच्या. सायकल माझीच. काळ्या मातीत उन्हाळ्यात भेगा पडतात आणि पावसाळ्यात ती चाकाला अशी चिकटते की चाक फिरत नाही. त्या मातीत सायकल हाणून माझे पाय तयार झाले होते. वडील भिक्षुक होते. त्यांना माझी कोर्टातली नोकरीसुद्धा मनातून पसंत नव्हती, कारण बेलीफ दारात आलेला कोणालाच आवडत नाही. शर्यतीचं कळल्यावर ते म्हणाले, "पिढ्यानपिढ्या या घरात पोथी होती. आता पाठीला नंबर लावून पळा." पण तिसरा आल्यावर त्यांनी यजमानांच्या घरी ही गोष्ट सांगितली होती, हे मला नंतर एका यजमानाकडूनच कळलं.

दोन-तीन वर्षं असंच चाललं. मग अकोल्याच्या एका सायकल-दुकानदाराच्या लक्षात आलं की त्या दिवशी रस्त्यावर जी गर्दी होते, ती सगळी सायकल घेऊ शकणाऱ्यांची आहे. त्याला आम्ही सगळे मालक म्हणायचो, म्हणून इथंही मालकच म्हणतो. मालकांनी वस्ताद-वकिलांच्या समितीला मोठी बक्षिसं दिली, लाउडस्पीकर दिला, पंचांसाठी ट्रक दिला. आणि पळणारे बांधून घेतले. महिन्याचा पगार, हलकी सायकल, दुकानाचं नाव लिहिलेली पिवळी बनियन. ते पाहून अमरावतीच्या एका तेलगिरणीवाल्यानं आपली पोरं उभी केली, त्यांची बनियन लाल. घंटीवाला दूधवाला त्या वर्षी आला तेव्हा पंचांनी त्याला सांगितलं, बाबा, तू बाजूला हो, तू मधे येशील.

मला बोलावणं आलं तेव्हा मालक म्हणाले, "पंडतजी, सोडा ते समन्स-बिमन्स. बारा महिने तयारी करा. दुकानात बसा, गिऱ्हाइकाशी बोला, सकाळ-संध्याकाळ सायकल मारा. मी हाओ ना."

मी घरी येऊन बायकोला सांगितलं. ती वरूडची, शिक्षकाची मुलगी, स्वतःही प्राथमिक शाळेत शिकवायची. ती म्हणाली, "कोर्टाची नोकरी सोडायची म्हणता. मालकांनी काही लिहून दिलंय?"

"ते शब्दाचे पक्के आहेत."

"पक्के आहेत तर तोच शब्द कागदावर उतरवायला त्यांना काय अडचण आहे?"

मी मालकांना ते विचारलं. ते मोठ्यानं हसले आणि दुकानातल्या चार माणसांसमोर म्हणाले, "पंडतजीच्या घरचं वकीलपत्र त्यांच्या बायकोकडं हाय वाटते." सगळे हसले. मी राजीनामा दिला आणि अकोल्यात एक खोली घेतली. बायको तिच्या शाळेमुळे अमरावतीतच राहिली.

त्याच दुकानात पगारावर ठेवलेल्या एका गड्याशी माझी गाठ पडली. तो पातुराकडचा, कुणब्याच्या घरातला, चार भावांतला धाकटा. घरची काळी जमीन होती, खाऊन-पिऊन बरं होतं. शाळेच्या दिवसांत तो गावाहून अकोल्याला रोज सायकलनं यायचा-जायचा. मॅट्रिकला नापास झाला आणि पाय तेवढे घेऊन घरी गेला, असं तोच सांगायचा. पाठ अशी रुंद की त्याच्या मागे चाक लावलं की समोरचा वारा लागायचाच नाही. आम्ही दोघं रोज बोरगावच्या रस्त्यानं जायचो. थोडा वेळ तो पुढे, थोडा वेळ मी पुढे. बोलणं फारसं नाही. परतताना एखाद्या निंबाखाली बसून त्याच्या घरची भाकर आणि ठेचा खायचो. माझ्या वडिलांना ते कळलं असतं तर त्यांनी मला घरात घेताना विचार केला असता.

एकदा मी त्याला विचारलं, "तू शेती सोडून इथं काहून आला?"

तो म्हणाला, "घरी मी चौथा हाओ. इथं पयला येऊ शकतो."

दुकानातल्या माझ्या पहिल्या वर्षी मालकांनी ठरवलं की मी जिंकायचं. अमरावतीचा माणूस जिंकला तर तिकडं नाव होईल, असा त्यांचा हिशोब. त्या पातूरच्या गड्यानं मूर्तिजापूरपासून पुढे सगळा वारा अंगावर घेतला, मला मागे ठेवलं, आणि मोर्णेचा पूल दिसल्यावर बाजूला होऊन म्हणाला, "जाय आता." मी गेलो आणि पहिला आलो. माझा फोटो दुकानात लागला. मालकांनी त्याच्या पाठीवर थाप मारून सगळ्यांदेखत सांगितलं, पुढच्या साली याची बारी. तो लहान मुलासारखा लाजला. त्या रात्री तो गावी गेला आणि सगळ्या गावाला सांगून आला की पुढच्या साली आपण पहिले.

पुढचं वर्षभर तो मरणाचा राबला. दिवाळीलाही घरी गेला नाही.

शर्यत तोंडावर आली आणि मालकांनी आम्हाला दुकानाच्या मागच्या खोलीत बोलावलं. त्या खोलीत नव्या ट्यूबांचा वास भरलेला असायचा. त्यांचा भाचा तिथं बसलेला होता. भाचा वाईट नव्हता पळायला. पण आमच्या मागे चाक टिकवून ठेवणं एवढंच त्याला जमायचं.

मालक म्हणाले, "यंदा हा पयला आला पायजे. अमरावतीले दुकान टाकून राहिलो, याच्या नावानं. पयला आलेला पोरगा दुकानात बसला की गिऱ्हाईक येते. तुमी दोघं त्याले पुलापर्यंत आना."

पातूरचा गडी खाली पाहत होता. मग म्हणाला, "मालक, यंदा माही बारी होती."

"तुही बारी पुढच्या साली."

"तुमी सगळ्याईसमोर बोलले होते."

"बोललो होतो. आता हे बोलून राहिलो. बैल कधी म्हनते का, मी पुढं जुपतो का मांगं?"

"बैल नाई म्हनत, मालक. मी म्हनतो."

भाच्यानं वर पाहिलं. मालकांचा चेहरा तसाच राहिला. ते माझ्याकडे वळले. "पंडतजी, तुमी शिकलेले हा. समजवा त्याले."

बाहेर आल्यावर मी त्याला समजावलं नाही. मी म्हणालो, "मी तुया पुढं वारा घेतो. तू जिंक. मंग काय होईल ते पाहू." मला त्याचं देणं होतं आणि मालकांची ती थट्टाही माझ्या मनात सलत होती. दोन्ही खरं.

शर्यतीच्या दिवशी धुकं होतं. बडनेऱ्यापर्यंत सगळे एकत्र होते. पुढे मी जोर धरला. लाल बनियनवाले एकेक करत मागे सुटले. भाचा बराच वेळ मागे होता, मग त्याचा श्वास ऐकू येईनासा झाला. मी वळून पाहिलं तर रस्त्यावर आम्ही दोघंच.

मूर्तिजापूरच्या रेल्वे फाटकाशी आलो तर फाटक बंद. एलिचपूरकडची छोटी गाडी यायची होती. पहिल्या काही वर्षांत आम्ही सायकली आडव्या करून फाटकाखालून जायचो. पण आता समितीचा नियम होता की फाटक पडलं तर थांबायचं, नाहीतर बाद. आम्ही थांबलो. ती गाडी कशी चालते ते वऱ्हाडातल्या माणसाला सांगायला नको. उतरून चालणारा माणूस तिला मागं टाकतो. आम्ही उभे, अंगावरचा घाम गार होत चाललेला, आणि मागून भाचा येऊन आमच्याजवळ उभा राहिला. त्याच्यामागे मालकांची जीप. मालक जीपमधून उतरले आणि पातूरच्या गड्याच्या अगदी जवळ गेले. हळू आवाजात बोलले, पण मला ऐकू आलं.

"अजून टाइम हाय. विचार कर."

तो म्हणाला, "केला."

फाटक उघडलं. मी पुन्हा पुढे झालो. काटेपूर्णेच्या पुलापर्यंत भाचा आमच्या मागे राहिला, तिथं चढ लागल्यावर मागे सुटला. त्या रस्त्यावर त्या दिवसांत अकोल्याला निघालेल्या कापसाच्या बैलबंड्या असत, एकामागे एक, आणि त्यांच्या बाजूनं वाट काढावी लागे. बोरगाव मागे पडलं. माझे पाय संपत आले होते, पण मला माहीत होतं की आता मी बाजूला झालो तरी तो एकटा पोचतो. मी त्याला म्हणालो, "जाय आता." वर्षापूर्वी त्यानं मला म्हटलं होतं तेच, आणि तो हसला. मग तो पुढे सुटला.

थोडं पुढे एक अरुंद मोरी होती. दोन्ही बाजूंना कठडा नव्हता. मागून मालकांच्या जीपचा हॉर्न वाजला. मी रस्ता दिला. जीप माझ्या अंगावर धूळ उडवत गेली आणि मोरीवर त्याच्या बरोबरीला आली. जीपनं त्याला धक्का दिला की नाही, ते मी पाहिलं नाही. धूळ होती. मला एवढंच दिसलं की जीप उजवीकडे राहायला हवी होती, ती डावीकडे गेली आणि तो मोरीवर नव्हता. जीप थांबली नाही.

तो खाली दगडांवर पडला होता. पाय मांडीपासून भलत्याच बाजूला वळलेला. शुद्धीवर होता आणि एकच शब्द पुन्हा पुन्हा म्हणत होता, "सायकल. सायकल." सायकलीचं पुढचं चाक पापडासारखं दुमडलं होतं. मी त्याचं डोकं मांडीवर घेऊन बसलो. वरून भाचा गेला. त्यानं खाली पाहिलं, त्याचा वेग जरा कमी झाला, आणि मग तो निघून गेला. मग लाल बनियनवाले गेले. मग पंचांचा ट्रक आला. त्यात समितीची माणसं, पाहुणे आणि लाउडस्पीकर. एकानं वाकून पाहिलं आणि म्हणाला, "अरे बापरे. तुम्ही इथंच थांबा, पोचल्याबरोबर गाडी पाठवतो."

गाडी आली नाही. आला तो एक बंडीवाला शेतकरी. त्याची बंडी कापसानं शिगोशीग भरलेली होती. त्यानं काही न विचारता वरचा कापूस दाबून खड्डा केला, आणि आम्ही दोघांनी त्याला उचलून त्यात ठेवलं. मी म्हणालो, "भाऊ, तुमचा कापूस खराब होईल." तो म्हणाला, "मंग याले काय दगडावर झोपवू?" आणि बैल हाकले. मी बंडीच्या मागे सायकल हातात धरून चालत राहिलो. प्रत्येक खड्ड्याला तो ओरडायचा. अकोला येईपर्यंत त्याचा आवाज बसला होता.

नदीकाठच्या मैदानावरून बंडी गेली तेव्हा भाषणं चालू होती. भाच्याच्या गळ्यात हार होते. मी बंडी पुढं दवाखान्याकडं जाऊ दिली आणि मंडपात शिरलो. मालक पहिल्या रांगेत होते. मी त्यांच्यासमोर उभा राहून म्हणालो, "त्याचा पाय मोडलाय. जीप द्या, गावाकडून त्याच्या आईला आणायचंय."

मालकांनी आधी आजूबाजूला पाहिलं. मग म्हणाले, "पंडतजी, पावने बसले हायेत. हार-तुरे होऊ द्या."

दवाखान्यात पाय बांधला, तो वाकडा बसला. पुन्हा मोडून बसवावा लागेल असं डॉक्टर म्हणाले. त्याच्या भावांनी ते नाही केलं आणि त्याला गावी नेलं. मी समितीकडे गेलो. वकीलच होते ते, माझ्या कोर्टात येणारे, पहिल्या वर्षी आमच्याबरोबर झुणका-भाकर खाणारे. त्यांनी मला बसवून नीट ऐकून घेतलं. मग त्यांतले ज्येष्ठ म्हणाले, "तुम्ही धक्का लागताना पाहिलंत का?" मी खोटं बोललो नाही. म्हणालो, धूळ होती. "मग झालं तर," ते म्हणाले. "शिवाय तुम्ही शर्यत पूर्ण केलेली नाही. ज्यानं पूर्ण केली नाही त्याला तक्रार करता येत नाही, नियम आहे." तोल जाऊन पडला, असं ठरलं. वस्ताद तेवढे कोपऱ्यात बसले होते, ते उठून बाहेर गेले. त्यानंतर ते समितीत राहिले नाहीत. पण तेव्हा तेही काही बोलले नव्हते.

मालकांनी मला काढलं. कारण सोपं होतं. "मी तुम्हाले पळाले ठेवलं होतं. तुमी थांबले. मंग पगार कायचा?"

कोर्टानं मला परत घेतलं नाही. मी ज्या वकिलांसमोर तक्रार घेऊन गेलो होतो त्यांच्यापैकी एकाच्याच ऑफिसात पुढे मुन्शी म्हणून राहिलो, कारण दुसरं काही मिळालं नाही. रोज सकाळी त्याला नमस्कार करायचो. घर बायकोच्या पगारावर चालायचं. ती कागदाबद्दल पुन्हा कधी बोलली नाही असं मी लोकांना सांगतो, पण ते खरं नाही. पुष्कळदा बोलली. वडील एकदाच बोलले. म्हणाले, "त्या मुलासाठी थांबलास, ते बरं केलंस." त्यांच्या तोंडून आयुष्यात मला मिळालेली ती एकच शाबासकी, आणि ती मिळाली तेव्हा माझ्या अंगावर त्यांनीच यजमानाकडून आणलेला जुना सदरा होता.

शर्यत आणखी काही वर्षं चालली. भाचा अमरावतीच्या दुकानात बसला आणि समितीचा चिटणीस झाला. भाषणात तो खेळाडूवृत्तीबद्दल बोलायचा. पण ट्रक वाढले, लाल बनियनवाल्यानं हात आखडला, कोण जिंकणार ते आधीच ठरतं हे पानठेल्यावरच्या माणसालाही कळायला लागलं. मालकांनी स्कूटरची एजन्सी घेतली. मग एका हिवाळ्यात भिंतींवर शर्यतीचे कागद लागले नाहीत. का लागले नाहीत, असं कोणी विचारलं नाही.

पातूरच्या गड्याला मी दोनदा भेटायला गेलो. पहिल्यांदा तो खाटेवर होता, भिंतीकडे तोंड करून. दुसऱ्यांदा पुष्कळ वर्षांनी, पातूरच्या बाजारात. वकिलांच्या एका पक्षकाराकडे कागद घेऊन गेलो होतो. तो हरभऱ्याच्या पोत्यावर बसला होता, काठी बाजूला ठेवून. भावांनी त्याला वाटणी दिली होती, पण नांगरामागे चालणं त्याला जमत नव्हतं. जमीन बटाईनं दिली होती. पाठ तेवढी रुंद होती अजून.

त्यानं मला ओळखलं. चहा मागवला. आम्ही इकडचं-तिकडचं बोललो, पीक-पाणी, मुलं. मग कप खाली ठेवून तो म्हणाला, "एक गोष्ट इचारू तुले?"

"विचार ना."

"तू काहून थांबला?"

मला आधी प्रश्न कळला नाही. मी म्हणालो, "तू खाली पडलेला. तुले टाकून जातो?"

"मी कायी मरून नव्हतो राहिलो. पाय मोडला होता. तू थांबला म्हणून जोडला गेला का?" तो शांतपणे बोलत होता, हे पुष्कळ वेळा मनात म्हणून झालेलं असावं. "तुया पायात जोर होता. तू त्या भाच्याले हरवला असता. सगळं गाव तिथं उभं होतं, माहे भाऊ उभे होते. त्याईनं पाह्यलं काय? मालकाचा पोरगा येऊन राहिला. तू आला असता तं त्याईले समजलं असतं का आमचा माणूस पुढं होता. आता त्याईले वाटते मी हारून पडलो."

"माझे पाय संपले होते," मी म्हणालो.

"तू असं म्हनतो." त्यानं काठी उचलली. "मी खाली पडून वर तुयी वाट पाहून राहिलो होतो. तुया चाकाचा आवाज वरून पुढं जाईल म्हणून."

त्याचं गिऱ्हाईक आलं. तो काठीवर जोर देऊन उठला आणि तराजू घेऊन हरभरा मोजायला लागला. माप झाल्यावर तो दुसऱ्या गिऱ्हाइकाशी बोलायला लागला. मी एसटीच्या थांब्यावर गेलो. त्यानंतर पातूरचं काही काम निघालं तर मी वकिलांना सांगायचो, दुसऱ्याला पाठवा.